डबा उघडला की शिंका: इसबगोल आणि ॲलर्जीबद्दल वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात बद्धकोष्ठावर लिहिलं होतं. इसबगोल स्वस्त आहे, बहुतेकांना मानवतं आणि आतड्याला त्याची सवय लागत नाही, हे त्यात होतंच. शेवटी एक ओळ होती, की क्वचित कुणाला त्याची ॲलर्जी असू शकते. त्या एका ओळीवर मराठवाड्यातून बरीच पत्रं आली. त्यांतली काही इथे घेतली आहेत. नावं छापलेली नाहीत आणि पत्रं थोडी आखूड केली आहेत.

मामंजींना अर्धांगवायू झाल्यापासून रोज रात्री इसबगोल मीच कालवून देते. दोन वर्षं होत आली. आता डबा उघडला की शिंका सुरू होतात, नाक गळतं, डोळे चोळून चोळून लाल होतात. मी स्वतः इसबगोल कधी तोंडात घातलेलं नाही. घरातले म्हणतात, न खाता कसली आलीय ॲलर्जी, डब्यावरची धूळ असेल. माझंही पोट हल्ली साफ होत नाही. तेच इसबगोल मी घेऊ का? – एक वाचक, परभणी

घेऊ नका. या पानावरचं सगळ्यात महत्त्वाचं उत्तर हेच आहे, म्हणून ते आधी दिलं.

न खाता ॲलर्जी होते. इसबगोलाच्या बाबतीत तर ती बहुतेक वेळा तशीच होते. आपण जी भुशी खातो ती इसबगोलाच्या बियांवरची साल. ही साल म्हणजे जवळजवळ सगळा चिकट कर्बोदकाचा थर, आणि त्याची ॲलर्जी सहसा होत नाही. ॲलर्जी होते ती बियांच्या आतल्या गरातल्या आणि अंकुरातल्या प्रथिनांची. बिया भरडून, पाखडून साल वेगळी करताना त्या गराचा बारीक चुरा सालीबरोबर थोडाफार राहतोच. बाजारात भुशी ८५, ९५, ९८, ९९ टक्के शुद्ध अशा प्रतींत विकली जाते. उरलेल्या टक्क्यांत बियांचे तुकडे आणि इतर कचरा असतो.

हा चुरा पिठासारखा हलका असतो. डबा उघडताना, चमचा आपटताना, पिशवीतून बरणीत ओतताना तो उडतो आणि नाकात जातो. पोटात गेलेल्या प्रथिनाची पचनात मोडतोड होते. नाकाच्या आणि श्वासनळीच्या ओल्या अस्तरावर बसलेलं प्रथिन मात्र जसंच्या तसं शरीराच्या संरक्षणयंत्रणेसमोर जातं. रोज थोडं थोडं, महिनोन्‌महिने. काहींचं शरीर मग त्याविरुद्ध आयजीई नावाची प्रतिपिंडं बनवून ठेवतं. सुरुवातीचे महिने काहीच होत नाही, आणि एक दिवस शिंका सुरू होतात. तुमचं अगदी असंच झालेलं दिसतं.

म्हणून या ॲलर्जीचे रुग्ण इसबगोल खाणाऱ्यांपेक्षा ते कालवून देणाऱ्यांत जास्त सापडतात. वृद्धांच्या वॉर्डात रोज ते देणाऱ्या नर्स, औषध कारखान्यांतले कामगार, पुड्या बांधणारे. कॅनडातल्या दीर्घकाळ उपचारांच्या रुग्णालयांत कर्मचाऱ्यांची तपासणी झाली होती, ती १९९० साली प्रसिद्ध झाली. तीत इसबगोलामुळे होणारा दमा आढळला होता. त्याच सुमारास अमेरिकेत इसबगोल घातलेलं न्याहारीचं सीरिअल बाजारात आलं. ते खाऊन ज्यांना जोराची रिॲक्शन आली, त्यांत पूर्वी रुग्णांना इसबगोल कालवून देणाऱ्या नर्स बऱ्याच होत्या. हातानं कालवताना नुसत्या शिंका यायच्या; तेच पहिल्यांदा पोटात गेलं तेव्हा प्रकरण दवाखान्यापर्यंत गेलं. तुमच्या प्रश्नाचं उत्तर नकारार्थी आहे ते यासाठी.

आता घरात काय करायचं. शक्य असेल तर कालवण्याचं काम दुसऱ्यावर सोपवा, आणि तेही तुम्ही खोलीत नसताना. दुसरं कुणीच नसेल तर सुटी भुशी बंद करून डॉक्टरांना विचारून दुसरं औषध सुरू करा. ते होईपर्यंत पंखा बंद करा आणि नाकातोंडावर एन-९५ मास्क लावा, पदर पुरत नाही. चमचा पाण्याच्या अगदी जवळ नेऊन पेल्याच्या कडेनं भुशी सोडा, वरून टाकू नका. ओटा झाडू नका, ओल्या फडक्यानं पुसा आणि ते फडकं लगेच धुवा. पिशवीतून डब्यात भरण्याचं काम तुम्ही करूच नका, सगळ्यात जास्त धूळ तेव्हाच उडते.

तुम्ही विचारलेलं नाही, पण सांगायला हवं. अर्धांगवायूनंतर बऱ्याच रुग्णांना गिळायला त्रास होतो. पाणी पिताना ठसका लागतो का, जेवल्यावर आवाज घोगरा, ओलसर होतो का, ते बघा. तसं होत असेल तर मामंजींना इसबगोल देऊ नये. ते घशात फुगून अडकतं. त्यांच्या डॉक्टरांशी याच आठवड्यात बोला.

इसबगोल सुरू केलं आणि पोट नगाऱ्यासारखं झालं. वायू फार होतो, पोटात गुरगुरतं. ही ॲलर्जी म्हणायची का? – एक वाचक, लातूर

नाही. इसबगोलातले तंतू, म्हणजे फायबर, मोठ्या आतड्यात गेले की तिथले जिवाणू ते कमीअधिक प्रमाणात आंबवतात, त्यातून वायू होतो. ॲलर्जीत अंगावर गांधी, खाज, ओठ-डोळ्यांना सूज, शिंका, धाप, चक्कर यांतलं काहीतरी असतं, आणि ते बहुधा काही मिनिटांत ते दोन तासांत दिसतं. नुसतं पोट फुगणं त्यात बसत नाही.

तुम्ही पहिल्याच दिवसापासून दोन मोठे चमचे घेताय, असं पत्रात आहे. ते बंद करा. चार-पाच दिवस लहान चमचाभर, मग दर चार-पाच दिवसांनी एक लहान चमचा वाढवत मोठ्या चमचाभरावर या. मोठा चमचा भरून म्हणजे साधारण ५ ग्रॅम. बहुतेकांना दिवसाला ५ ते १० ग्रॅम पुरतं. दर वेळी २४० मिली पाणी, म्हणजे मोठा पेला भरून. इतकं करूनही पंधरा दिवसांत पोट शांत झालं नाही, किंवा वजन उतरतंय, शौचातून रक्त पडतंय असं काही असेल तर इसबगोलाची चर्चा सोडून आधी तपासणी करून घ्या.

रात्री जेवणानंतर इसबगोल घेतलं. पंधरा-वीस मिनिटांत तळहात खाजायला लागले, मग अंगभर गांधी, ओठ सुजला, आवाज बसला, डोळ्यांपुढे अंधारी आली. घरच्यांनी पित्त उठलं म्हणून आमसुलाचं पाणी चोळलं, सेट्रिझिन दिली. तासाभरात बरं वाटलं. वय ५४. बीपीसाठी मेटोप्रोलॉल चालू आहे. पुढच्या वेळी अर्धा चमचा घेऊन बघावं म्हणतो. – एक वाचक, अंबाजोगाई

अर्धा चमचा नको आणि चिमूटभरही नको. तुम्हाला झालं ते पित्त नव्हतं. त्वचेबरोबर आवाज बसणं आणि अंधारी येणं, म्हणजे एकाच वेळी श्वासमार्ग आणि रक्तदाब दोन्हींवर परिणाम. याला ॲनाफिलॅक्सिस म्हणतात. इसबगोल खाऊन यात मृत्यू झाल्याची नोंद वैद्यकीय नियतकालिकात २००३ साली आलेली आहे. अशा घटना फार विरळ आहेत, पण एकदा रिॲक्शन आलेल्या माणसाला विरळपणाचा हिशोब लागू होत नाही. पहिली वेळ तासाभरात निभावली म्हणून दुसरीही तशीच जाईल, असंही नसतं.

सेट्रिझिननं खाज आणि गांधी कमी होतात. घशाची सूज आणि पडलेला रक्तदाब ती सावरत नाही, शिवाय असर व्हायला अर्धा-एक तास घेते. आमसुलाच्या पाण्यानं कातडीला गार वाटतं, एवढंच. ॲनाफिलॅक्सिसवर पहिलं औषध एकच, ॲड्रेनालिनचं इंजेक्शन, मांडीच्या बाहेरच्या बाजूला मध्यावर, स्नायूत. १ मिलीत १ मिलिग्रॅम अशी जी ॲम्प्यूल कुठल्याही दवाखान्यात असते, तिच्यातून मोठ्या माणसाला ०.५ मिली, मुलांना वजनाच्या प्रत्येक किलोमागे ०.०१ मिली. फरक पडला नाही तर पाच ते पंधरा मिनिटांनी पुन्हा देतात. हे घरी स्वतः टोचून घ्या असा याचा अर्थ नाही. पण दवाखान्यात पोचल्यावर नुसतं स्टिरॉइडचं आणि ॲव्हिलचं इंजेक्शन देऊन बसवून ठेवत असतील, तर ‘ॲड्रेनालिन दिलं का?’ हे घरच्यांनी विचारावं. भीड बाळगू नये.

गाडी येईपर्यंतचंही सांगतो, कारण यात चुका फार होतात. १०८ ला फोन करून ‘ॲलर्जीची रिॲक्शन आली आहे, श्वास घ्यायला त्रास होतोय’ असं स्पष्ट सांगा. माणसाला आडवं निजवा, पाय उशीवर उचलून ठेवा. धाप असेल तर टेकून बसवा, पण पाय लांब करून. उभं करू नका, चालवत गाडीपर्यंत नेऊ नका. पडलेल्या रक्तदाबात एकदम उभं राहिलं की हृदयाकडे येणारं रक्त तुटतं, आणि माणूस तिथेच कोसळू शकतो. मोटारसायकलवर मध्ये बसवून नेणं म्हणजे नेमकं हेच, आणि आपल्याकडे ते सर्रास चालतं. तोंडात काही घालू नका, उलटी करवू नका. बरं वाटलं तरी दवाखान्यात निदान सहा ते आठ तास थांबायचं, कारण काही जणांना काही तासांनी दुसरी लाट येते.

तुमच्या पत्रातला मेटोप्रोलॉलचा उल्लेख आम्हाला जास्त काळजीचा वाटला. मेटोप्रोलॉल, ॲटेनोलॉल, प्रोप्रॅनोलॉल या गोळ्या बीटा-ब्लॉकर प्रकारातल्या. त्या चालू असताना रिॲक्शन अधिक जोराची येऊ शकते, आणि ॲड्रेनालिनचा असर कमी पडू शकतो. तरीही गोळी आपल्या मनानं बंद करू नका, एकदम बंद केली तर हृदयाला धोका असतो. फिजिशियनना हा प्रसंग सांगून गोळी बदलता येते का, ते विचारा.

तपासणीत त्वचेवर टोचून ॲलर्जी पाहतात, किंवा रक्तातली इसबगोलाविरुद्धची आयजीई मोजतात. ही सोय प्रत्येक गावात नसते. अंबाजोगाईचं स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालय तुमच्या गावातच आहे, किंवा संभाजीनगरला घाटी रुग्णालय आहे; जाण्याआधी त्वचारोग किंवा छातीविकार विभागात ही तपासणी होते का, ते विचारून घ्या. त्वचेच्या तपासणीआधी सेट्रिझिनसारख्या गोळ्या पाच ते सात दिवस बंद ठेवाव्या लागतात, नाहीतर निकाल खोटा ‘नाही’ येतो. रक्ताच्या तपासणीला ही अट नाही. जाताना ते पाकीट सोबत न्या, पण दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत गच्च बांधून. त्या रात्री जेवणात काय काय होतं, कोणती वेदनाशामक गोळी घेतली होती का, हेही लिहून न्या. शेंगदाणा, मासे, आयब्युप्रोफेन यांनीही अगदी असंच होतं, आणि इसबगोलावर उगाच आळ यायला नको.

माझं काष्ठौषधी आणि किराण्याचं दुकान आहे. इसबगोलाच्या पोत्यातून १०० ग्रॅमच्या पुड्या करायचं काम एका मुलाकडे आहे. सहा-सात महिन्यांपासून संध्याकाळी त्याची छाती भरते, रात्री खोकला येतो. सुट्टीच्या दिवशी बरा असतो. एका डॉक्टरांनी ब्राँकायटिस सांगून अँटिबायोटिक दिलं, फरक नाही. – एक दुकानदार, जालना

‘सुट्टीच्या दिवशी बरा असतो’ या चार शब्दांत निम्मं निदान झालं. कामाच्या ठिकाणच्या धुळीनं होणारा दमा असाच वागतो. त्रास कामावर असतानाच व्हायला हवा असं नाही. बऱ्याचदा तो घरी गेल्यावर, संध्याकाळी किंवा रात्री उमटतो, म्हणून कुणी कामाशी त्याचा संबंध जोडत नाही.

पुरावा गोळा करायला मोठी यंत्रणा लागत नाही. मेडिकलमध्ये किंवा मागवून पीक फ्लो मीटर मिळतो, म्हणजे फुंकेचा जोर मोजणारी प्लास्टिकची नळी आणि वर सरकणारा काटा. उभं राहून छाती भरून श्वास घ्यायचा, ओठ घट्ट मिटून एका झटक्यात फुंकायचं. तीनदा फुंकून सगळ्यात मोठा आकडा लिहायचा. उठल्यावर, दुपारी, काम संपल्यावर आणि झोपताना, असं दिवसातून निदान चार वेळा. दोन आठवडे कामावर असताना, आणि जमलं तर दोन आठवडे पुड्यांचं काम पूर्ण थांबवून. कामाच्या दिवसांत आकडा खाली जात असेल, दिवसभरात २० टक्क्यांहून जास्त हेलकावे खात असेल आणि सुटीत सावरत असेल, तर ती वही घेऊन छातीविकार तज्ज्ञांकडे जा. एक्स-रेपेक्षा ती वही त्यांना जास्त उपयोगी पडेल. पंप दिला तर तो घ्यायला लाजू नका म्हणावं.

पण पंप देऊन त्याला त्याच पोत्याशी बसवणं चुकीचं. ही धूळ जितके महिने नाकात जाईल, तितका दमा कायमचा होण्याचा संभव वाढतो. त्याला दुसऱ्या कामावर घ्या, पुड्यांच्या खोलीतही बसवू नका. आणि त्याच्या जागी दुसरा मुलगा बसवून प्रश्न सुटला असं मानू नका, काही महिन्यांनी तोही याच वाटेनं जाऊ शकतो. खरा उपाय सुटी भुशी बंद करून कारखान्यातून बंद पाकिटं घेणं, हाच. ते परवडत नसेल तर काम उघड्यावर, वारा पाठीमागून पुढे जाईल असं बसून करा. पोतं उपडं करू नका, खोल वाटीनं हळू काढा. एन-९५ मास्क, दाढी नसलेल्या चेहऱ्यावर घट्ट बसणारा. झाडू नको, ओलं फडकं. कामाचे कपडे तिथेच बदलायचे, घरी लेकराबाळांत न्यायचे नाहीत.

भुशीची प्रत पाहायला एक सोपी खूण आहे. चमचाभर भुशी पांढऱ्या कागदावर पसरा. चांगली साल फिकट गुलाबी-पांढरी, कागदी पापुद्र्यासारखी दिसते. तपकिरी, लालसर कण म्हणजे बियांचे तुकडे. कागद तिरका करून हलकेच टिचकी मारली की साल वर राहते आणि खाली पिठाची रेघ उतरते. ती रेघ जितकी जाड, तितकी उडणारी धूळ जास्त. बारीक दळलेल्या पावडरीत तर सगळाच माल पीठ. अर्थात स्वच्छ माल घेतला म्हणून ज्याला ॲलर्जी झालेली आहे, त्याला तो चालेल, असं मुळीच नाही. ही परीक्षा त्या मुलाकडून करून घेऊ नका.

इसबगोल घेतलं की छातीच्या मध्ये अडकल्यासारखं होतं. परवा तर गिळताच येईना, लाळ गळायला लागली. ॲलर्जीनं घसा सुजला का? – एक वाचक, धाराशिव

तुमचं वर्णन ॲलर्जीपेक्षा अडकण्याचं आहे. अंगावर खाज नाही, गांधी नाहीत, ओठ सुजला नाही, आणि त्रास गिळता क्षणीच. चांगली भुशी ग्रॅमला ४० मिलीहून जास्त फुगते. ती अर्ध्या पेल्यात कालवून दहा मिनिटं ठेवली की पेल्यात खीर होते. ती खीर उशीजवळ बसून गिळायची आणि लगेच आडवं व्हायचं, हे आपल्याकडे फार घरांत चालतं. उन्हाळ्यात अंगातलं पाणी आधीच कमी असतं, त्यात भर.

रीत अशी: पेलाभर पाणी, वरून भुशी, ढवळून लगेच पिणं, वर आणखी अर्धा-एक पेला पाणी. झोपायच्या निदान तासभर आधी. कोरडी भुशी फक्की मारून कधीच खाऊ नये. थायरॉइड, मधुमेह, फिट्स, हृदयाच्या गोळ्या असतील तर आधी किंवा नंतर किमान दोन तास अंतर ठेवा. अमेरिकेत दाणेदार इसबगोलाच्या औषधांची विक्री घशात अडकण्याच्या तक्रारींमुळेच २००७ साली थांबवली गेली.

लाळही गिळता येत नसेल तर पाणी पिऊन ढकलू नका, थेट दवाखाना गाठा, दुर्बिणीनं काढावं लागतं. आणि भाकरीचा घासही अधूनमधून अडकत असेल, तर दोष भुशीचा नाही. अन्ननलिका अरुंद झाली असू शकते. एंडोस्कोपी होईपर्यंत इसबगोल बंद.

झाडपाल्याचं औषध, शंभर टक्के नैसर्गिक असं पाकिटावर लिहिलेलं. त्याची कसली ॲलर्जी? – एक वाचक, हिंगोली

गाजरगवत शंभर टक्के नैसर्गिकच आहे. त्यानं शेतात कितीजणांची कातडी सोलवटली, ते गावात विचारा.

इसबगोलाची ॲलर्जी आहे हे ठरलं. आता दुसरं काय घेऊ? जवस चालेल का? आणि इसबगोल आणखी कशाकशात असतं? – एक वाचक, नांदेड

दुसरा प्रश्न आधी, कारण फसगत तिथे होते. लेबलवर इसबगोल हे नाव असेलच असं नाही. इस्पाघुला, सायलियम, प्लँटॅगो ओव्हाटा, ही सगळी त्याचीच नावं. पोट साफ होण्याच्या चूर्णांत ते सोनामुखीबरोबर असतं, लॅक्टुलोजबरोबरच्या मिश्र पावडरीत असतं, संत्र्याच्या चवीच्या पाकिटांत असतं. ग्लूटेनमुक्त आणि कीटो ब्रेडमध्ये तर ते नेहमीच सापडतं, कारण गव्हाचा चिकटपणा तिथे नसतो आणि तो इसबगोलातून आणतात. फायबर वाढवलेली बिस्किटं, सीरिअल, मधुमेहींसाठीच्या पिठांची मिश्रणं, आइस्क्रीम, सगळ्यांचे घटक वाचा. पाकिटावर ॲलर्जीची वेगळी ओळ असते तिच्यावर विसंबू नका. आपल्या अन्नसुरक्षा नियमांनुसार त्या ओळीत गहू-बार्लीसारखी ग्लूटेनची धान्यं, दूध, अंडी, मासे, कोळंबीवर्गीय, शेंगदाणा आणि सुकामेव्याची फळं, सोयाबीन आणि सल्फाइट येतात. इसबगोल त्यात नाही, जवसही नाही.

जवस ही वेगळी वनस्पती आहे. इसबगोल चालत नाही म्हणून जवस चालणार नाही, असं नाही. आयुष्यभर जवसाची चटणी खात आला असाल तर खात राहा. कधीच खाल्लेलं नसेल तर पहिल्यांदा अगदी थोडं, दिवसा, घरात कुणी असताना घ्या, कारण जवसाच्या जोरदार रिॲक्शनही नोंदलेल्या आहेत. तुम्हाला आधीची रिॲक्शन जोराची असेल तर हा प्रयोग डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको.

पाकिटातल्या इतर तंतूंचं थोडक्यात असं. इन्युलिन चिकोरीच्या मुळापासून काढतात. ॲलर्जी फार क्वचित, वायू मात्र भरपूर. गवार गम ओलं पोटात गेलं तर बहुधा निभतं, पण कोरडी पूड नाकात गेली तर कामगारांत तिनंही नाक गळणं आणि दमा होतो, म्हणजे गोष्ट तीच. गव्हाचा कोंडा आणि व्हीट डेक्स्ट्रिन गव्हाची ॲलर्जी असलेल्यांनी टाळावं. सिलिॲक, म्हणजे ग्लूटेन न सोसणारा आतड्याचा आजार, असलेल्यांना कोंडा चालतच नाही. आणि एक बारकावा: चवीच्या पाकिटांत कधीकधी इसबगोलावर आळ येतो आणि खरा दोषी पिवळा रंग, टार्ट्राझिन, असतो. दम्याच्या काही रुग्णांना तो बाधतो.

तंतू सोडून उपाय हवा असेल तर लॅक्टुलोजचं पातळ औषध किंवा पॉलिइथिलीन ग्लायकॉलची पावडर, ही डॉक्टर देतात. ती आतड्यात पाणी धरून ठेवतात आणि दोन्हींत इसबगोलाचा संबंध नाही. फक्त पाकिटावर मिश्रण नाही ना, ते बघा. मिल्क ऑफ मॅग्नेशिया मूत्रपिंडाच्या रुग्णांनी विचारल्याशिवाय घेऊ नये.

आणि हे सगळं ज्यासाठी, ते तंतू आपल्या ताटात आहेत. १०० ग्रॅम ज्वारीत साधारण १० ग्रॅम तंतू असतात, अख्ख्या हरभऱ्यात २५ च्या आसपास, पॉलिशच्या तांदळात जेमतेम ३. रात्रीचा भात सोडून दोन भाकरी, वाटीभर भिजवलेल्या हरभऱ्याची उसळ, अंबाडी किंवा मेथीची भाजी आणि दुपारी एक पेरू. यातून चमचाभर इसबगोलापेक्षा कितीतरी जास्त तंतू पोटात जातात. ज्वारी गिरणीतून बारीक चाळून आणू नका. आणि पाणी नसेल तर यातलं काहीच चालणार नाही.

दवाखान्यात ॲलर्जीचं निदान झालं, पण कागदावर फक्त ‘ॲक्यूट अर्टिकेरिया’ लिहिलंय. पुढे काय करावं? – एक वाचक, बीड

‘ॲक्यूट अर्टिकेरिया’ म्हणजे अंगावर एकाएकी उठलेल्या गांधी, त्यात कारण येत नाही. कागदावर कारणही लिहून घ्या: ‘इसबगोलाची ॲलर्जी, सायलियम टाळावे’. दवाखान्यात भरती व्हाल तेव्हा बद्धकोष्ठासाठी इसबगोल विचारल्याशिवायच लिहिलं जातं, तेव्हा ही ओळ केसपेपरवर दिसली पाहिजे. मोबाइलमध्ये तिचा फोटो ठेवा आणि पाकिटात एक चिठ्ठी.

औषधाच्या दुष्परिणामाची तक्रार रुग्ण स्वतःही करू शकतो. फार्माकोव्हिजिलन्स प्रोग्राम ऑफ इंडियाचा निःशुल्क क्रमांक १८००-१८०-३०२४ आहे. फोन करताना पाकीट हाताशी ठेवा, कारण ते बॅच नंबर, उत्पादनाची तारीख, किती घेतलं आणि किती मिनिटांनी त्रास सुरू झाला हे विचारतील. उरलेली भुशी फेकताना ती डब्यातून केराच्या टोपलीत ओतू नका. डबा तसाच झाकण लावून पिशवीत बांधा आणि घरातल्या दुसऱ्या कुणाला तरी टाकायला सांगा.